बसा की निवांत

अमेरिकेत पैसे न मोजता बसायची जागा शोधून दाखवा, कॉफी मी पाजते. मी कोल्हापूरची. आमच्याकडं तालमीचा कट्टा, देवळाची पायरी, रंकाळ्याची भिंत, बंद दुकानाचा ओटा, जिथं बूड टेकेल ती बैठक. फिलाडेल्फियाच्या उपनगरात राहायला आल्यावर आधी डोळ्यांत खुपलं ते हेच, की रस्त्याकडेला नुसतं बसलेलं माणूसच दिसत नाही. गाडीतून उतरायचं ते काहीतरी घ्यायला, नाहीतर कुणाला तरी गाठायला. सार्वजनिक ग्रंथालयं झकास असतात, पण आपल्याला हवी तेव्हा नेमकी बंद. मग उरतं कॉफीचं दुकान. एक कप घ्यायचा आणि तासभर खुर्चीवर हक्क सांगायचा. कॉफीचे म्हणून जे पैसे देतो, ते खरं तर खुर्चीचं भाडं.

मुलीच्या चेलोच्या क्लासपायी शनिवारी सकाळी शहराच्या वायव्य भागात तास-दीड तास काढावा लागतो. असाच वेळ काढायला म्हणून मी तिथल्या जर्मनटाउन या वस्तीत, जर्मनटाउन अव्हेन्यूवरच्या ‘अंकल बॉबीज कॉफी अँड बुक्स’मध्ये शिरले. आता क्लासला सुट्टी असली तरी चक्कर होते.

हा रस्ता दगडी फरशीचा आहे आणि त्यात अजून ट्रॉलीचे, म्हणजे ट्रामचे, रूळ आहेत. 23 नंबरची ट्रॉली 1992 मध्ये बंद झाली, रूळ कुणी उचलले नाहीत. गाडी त्यावरून जाताना दातांवर दात वाजतात. वस्ती मुख्यतः कृष्णवर्णीयांची. दुकानात भिंतीवर कृष्णवर्णीय विचारवंत, लेखक, चळवळीतल्या माणसांची चित्रं, एका बाजूला पुस्तकांची कपाटं, लहान मुलांच्या पुस्तकांचा वेगळा कोपरा आणि एकमेकांशी अजिबात न जुळणारी बैठक.

एकदा माझ्या समोरच्या खुर्चीत एक आजोबा पेपरातलं शब्दकोडं सोडवत होते. कपात तळाशी बोटभर कॉफी, तीही केव्हाच गार झालेली. काउंटरवरची मुलगी टेबलं पुसत आली. तिनं त्यांच्या कपाभोवतीनं फडकं फिरवलं, साखरेचे दाणे टिपले, कप मात्र उचलला नाही. हॉटेलात वाढलेल्या कुठल्याही मराठी माणसाला यातली खुबी लगेच कळेल. आपल्याकडं पोऱ्या ओलं फडकं घेऊन आला आणि त्यानं रिकामा कप उचलला, की ‘उठा आता, गिऱ्हाइकं खोळंबलीत’ हे न बोलता सांगून झालं. इथं कप जागेवर होता तोवर आजोबा गिऱ्हाईक होते, आणि कप जागेवर राहू द्यायचा हे त्या मुलीनं ठरवलं होतं. जाताना ती त्यांना म्हणाली, “सात अक्षरांचा तो सुटला का?” सुटला नव्हता.

तिथंच एका बाईंनी शेजारच्या टेबलावरच्या पोराचा अर्ज आपल्याकडं ओढून घेतलेला मी पाहिला. कॉलेजच्या आर्थिक मदतीचा अर्ज असणार, कारण बाई म्हणत होत्या, “नाही नाही, हनी, इथं तुझ्या आईच्या टॅक्सचा आकडा. तुझा नाही. तुझं काय आहे दाखवण्यासारखं!” पोरगं हसलं, मीही. ते उठून गेल्यावर मी आगाऊपणानं विचारलं, “तुमचा नातू का?” त्या म्हणाल्या, “कोण तो? मला काय माहीत!”

दुकान नोव्हेंबर 2017 मध्ये उघडलं. मालक मार्क लमाँट हिल. याच शहरात वाढलेले, प्राध्यापक, लेखक, टीव्हीवरच्या चर्चांमुळं लोकांना चेहऱ्यानं ठाऊक. लहानपणी ज्यांच्यामुळं आपल्या लोकांचा इतिहास वाचायची गोडी लागली, त्या आपल्या बॉबी अंकलचं नाव त्यांनी दुकानाला दिलं. इथं लेखक येतात, मुलांना गोष्टी वाचून दाखवल्या जातात, सभा होतात, वाद होतात. जागाही मोक्याची आहे. जर्मनटाउन हायस्कूल ही जवळपास शंभर वर्षांची शाळा 2013 मध्ये बंद झाली. त्या वर्षी शहरानं वीसहून अधिक सरकारी शाळांना एका फटक्यात टाळं लावलं, त्यातली ही एक. भागाचा टाउन हॉल, घुमट आणि खांबांची देखणी इमारत, कित्येक वर्षं रिकामा पडून. म्हणजे सरकारनं बसायच्या जागा काढून घेतल्या, आणि मग एका कॉफीच्या दुकानाला शाळेचं, सभागृहाचं, ओळखीच्या कारकुनाचं अशी सगळीच कामं अंगावर घ्यावी लागली. ‘कम्युनिटी हब’ म्हणून अशा दुकानांचं कौतुक छापून येतं तेव्हा हे सहसा कुणी लिहीत नाही. कौतुक वाचायला बरं वाटतं, पण शाळा चालू असती तर त्या पोराचा अर्ज शाळेतच भरून झाला असता.

या शहराचा कॉफीशी असलेला संबंध मी शोधायला गेले आणि जरा हादरलेच. 1754 मध्ये फ्रंट आणि मार्केट या रस्त्यांच्या कोपऱ्यावर ‘लंडन कॉफी हाउस’ उघडलं. छापखानेवाल्या विल्यम ब्रॅडफर्डचं. व्यापारी, जहाजमालक, अधिकारी तिथं बसून सौदे करायचे, बातम्या वाचायचे, राजकारण कुटायचे. शाळेच्या पुस्तकात शोभेल असं चित्र. त्याच दुकानाच्या दारात माणसांचा लिलाव व्हायचा. आफ्रिकेतून आणलेल्या स्त्रीपुरुषांना बाहेर उभं करायचं, आणि आत कॉफी पिणाऱ्यांनी बाहेर येऊन बोली लावायची. तिथं आता इतिहास सांगणारी पाटी आहे. शहरातल्या नावाजलेल्या कॉफीच्या दुकानात कृष्णवर्णीय माणसाची जागा दाराबाहेर होती, आणि बसायची तर नव्हतीच.

गंमत अशी की गुलामगिरीला विरोधही याच शहराच्या अंगणातून सुरू झाला. 1688 मध्ये जर्मनटाउनच्या चार जणांनी, फ्रान्सिस डॅनियल पास्टोरियस हा त्यातला एक, गुलामगिरीविरुद्ध अर्ज लिहिला. इंग्रजांच्या अमेरिकन वसाहतींतला हा असा पहिला लेखी निषेध मानतात. ज्या घरात तो लिहिला गेला ते याच अव्हेन्यूवर होतं. अर्जाचं पुढं काय झालं? क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या स्थानिक सभेनं तो ‘विषय फार भारी आहे’ म्हणून वरच्या सभेकडं पाठवला, तिनं आणखी वर, आणि सगळ्यांत वरच्या सभेनं बाजूला ठेवून दिला. 1844 मध्ये तो पुन्हा कुणाच्या तरी हाती लागला. आपल्या कलेक्टर कचेरीत काम असलेल्या माणसाला यात नवल वाटायचं कारण नाही.

बसण्यावरून झालेलं आणखी एक भांडण याच शहरातलं आहे. अठराव्या शतकाच्या अखेरीस सेंट जॉर्ज चर्चमध्ये कृष्णवर्णीय भाविक नेमून दिलेल्या जागी न बसता दुसरीकडं गुडघे टेकून प्रार्थना करत होते, तर त्यांना प्रार्थनेच्या मध्येच ओढून उठवायला लागले. रिचर्ड ॲलन, ॲबसलम जोन्स आणि त्यांच्याबरोबरचे लोक उठले आणि चर्चमधून चालते झाले. ॲलन यांनी सिक्स्थ आणि लोम्बार्डच्या कोपऱ्यावर जागा घेतली आणि 1794 मध्ये तिथं ‘मदर बेथेल’ चर्च उभं राहिलं. इमारती बदलत गेल्या, जमीन आजही त्यांचीच. कृष्णवर्णीयांच्या ताब्यात सलग राहिलेला अमेरिकेतला सर्वांत जुना भूखंड म्हणून तो ओळखला जातो. मला या गोष्टीत सातबारा दिसतो. दुसऱ्याच्या चर्चमध्ये चांगली जागा मिळावी म्हणून ते भांडत राहिले असते तर कदाचित मिळालीही असती, पण पुढच्या पाद्र्याची मर्जी फिरेपर्यंतच. ॲलन यांनी जमीनच घेतली.

नेमकं हेच 2018 मध्ये पुन्हा समोर आलं. 12 एप्रिलला, शहराच्या सुखवस्तू भागात, एटीन्थ आणि स्प्रूसच्या कोपऱ्यावरच्या स्टारबक्समध्ये दोन तरुण कृष्णवर्णीय मुलं येऊन बसली. एका धंद्याच्या बोलणीसाठी तिसऱ्या माणसाची वाट बघत होती. एकानं स्वच्छतागृह वापरायचं विचारलं, ‘ते फक्त गिऱ्हाइकांसाठी’ असं उत्तर मिळालं. ती येऊन दोनच मिनिटं झाली होती, तोच मॅनेजरनं पोलिसांना फोन लावला. बेड्या घालून नेत असताना ज्याची वाट बघत होते तो माणूस पोचला आणि ‘यांनी केलं काय?’ विचारत राहिला. तिथल्याच एका गिऱ्हाइकानं काढलेली चित्रफीत जगभर फिरली. खटला भरला गेला नाही. शहराशी त्या दोघांनी एकेका डॉलरवर तडजोड केली. मात्र त्याबरोबर होतकरू तरुण उद्योजकांसाठी दोन लाख डॉलरची योजना शहराकडून पदरात पाडून घेतली. स्टारबक्सनं 29 मे रोजी अमेरिकेतली आठ हजारांवर दुकानं दुपारभर बंद ठेवून कर्मचाऱ्यांना प्रशिक्षण दिलं, आणि काही विकत घेतलं नाही तरी कुणीही बसावं, स्वच्छतागृह वापरावं असा नियम केला. जानेवारी 2025 मध्ये तो नियम काढून टाकला. आता पुन्हा गिऱ्हाइकांनाच बसता येतं.

कंपनीचा नियम आहे, कंपनी बदलणार. मला त्यात फार राग धरण्यासारखं काही दिसत नाही, कारण अपेक्षाच नव्हती. शिवाय मी स्वतः किती वेळा मुलीला घेऊन अशा दुकानांत काही न घेता बसले आहे! मोबाईल काढून, कुणाची तरी वाट बघत. दोन मिनिटांत तर सोडाच, कुणी कधी वळूनही पाहिलं नाही. माझा रंगही काही गोरा नाही. पण या देशात बिनधोक वाटणाऱ्या माणसांची एक अलिखित यादी असते आणि लॅपटॉपची पिशवी अडकवलेली भारतीय बाई सध्या तरी त्या यादीत आहे.

यादीवरून आठवलं. मी जर्मनटाउनला जाते असं एकदा आमच्या मराठी बायकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर लिहिलं, तर पहिलं उत्तर आलं, “सेफ आहे का गं तिकडं?” दुसरं, “दिवसाउजेडी जात जा.” या बायका वाईट नाहीत. बाळंतपणात डबे पोचवणाऱ्या, विमानतळावर रात्री दोन वाजता घ्यायला येणाऱ्या आहेत. पण ज्या वस्तीत कधी पाऊल टाकलं नाही तिच्याबद्दल ठाम मत बाळगायचं हे आपण इकडं येऊन शिकलो असं मात्र कुणी म्हणू नये. ते सामानात बांधूनच आणलेलं असतं. ‘त्या वाडीत’, ‘त्या गल्लीत’, ‘खालच्या आळीला’ हे शब्द कुठल्या गावात नाहीत?

मघाशी मी मोठ्या तोऱ्यात सांगितलं, की आमच्याकडं जिथं बूड टेकेल ती बैठक. ते ज्यांना टेकू दिलं जायचं त्यांच्यापुरतं. खेड्यांतल्या चहाच्या टपऱ्यांवर दलितांसाठी वेगळ्या कपबशा असायच्या, बाहेर खुंटीला नाहीतर वळचणीला खोचलेल्या. प्यायल्यावर त्या ज्याच्या त्यानं विसळून ठेवायच्या. हे पेशवाईतलं नव्हे, माझ्या आईवडिलांच्या डोळ्यांदेखतचं आहे. बाबा आढावांनी ‘एक गाव, एक पाणवठा’ म्हणत गावं पालथी घातली ती 1970 च्या दशकात.

म्हणूनच ‘अंकल बॉबीज’मध्ये बसल्यावर मला भाऊसिंगजी रोड आठवतो. गंगाराम कांबळे कोल्हापूर संस्थानच्या नोकरीत होते, राजवाड्याच्या पागेत. मराठा नोकरांच्या पाण्याला शिवले म्हणून त्यांना बेदम मारलं. शाहू महाराजांनी मारणाऱ्यांना शिक्षा केलीच, पण गंगारामना पुन्हा त्याच चाकरीत न ढकलता स्वतःचा धंदा काढायला सांगितलं आणि भांडवल दिलं. भाऊसिंगजी रोडवर ‘सत्यसुधारक हॉटेल’ सुरू झालं. अस्पृश्याच्या हातचा चहा प्यायला येणार कोण? मग महाराजांची गाडी तिथं थांबायला लागली. स्वतः चहा घ्यायचे, बरोबरच्या मानकऱ्यांनाही पाजायचे. सही-शिफारशीसाठी आलेल्यांना आधी तिथला चहा घ्यावा लागे, असं आमच्याकडं जुनी माणसं अजून रंगवून सांगतात. ब्राह्मण असो, मराठा असो, कप तोंडाला लावल्याशिवाय कागद पुढं सरकत नसे.

लहानपणी ही गोष्ट आम्हाला महाराजांच्या थोरवीची म्हणून सांगितली जायची, आणि ती आहेच. पण आता मला त्यातला गल्ल्यावर बसलेला माणूस जास्त दिसतो. महाराज राजवाड्यात गंगारामच्या हातून चहा मागवून सगळ्यांना पाजू शकले असते. तेही धाडसाचंच ठरलं असतं. तरी गंगाराम नोकरच राहिले असते, आणि चहा ज्याच्या घरचा त्याच्या मर्जीचा. हॉटेल काढल्यावर पाटीवर नाव कुठलं, बाकावर कोण बसेल, कपबशी एकच की दोन, हे गंगाराम ठरवणार. ही गोष्ट शंभर वर्षांपूर्वीची. आता अमेरिकेतलं बघा. 1 फेब्रुवारी 1960 ला नॉर्थ कॅरोलिनातल्या ग्रीन्सबरोच्या वुलवर्थ दुकानात चार कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांनी एका काउंटरवर टूथपेस्ट वगैरे घेतली, पैसे दिले, पावती घेतली, आणि दुसऱ्या, फक्त गोऱ्यांसाठीच्या काउंटरच्या स्टुलावर बसून कॉफी मागितली. टूथपेस्टचे पैसे चालले, बसलेलं चाललं नाही. ते काउंटर सगळ्यांना खुलं व्हायला 25 जुलै उजाडला. ती लढाई जिंकली गेली, पण काउंटर वुलवर्थचंच होतं.

जर्मनटाउनमध्ये गाडी थांबवून कॉफी मागवणारा राजा नाही, गिऱ्हाइकंच आहेत. आणि गिऱ्हाइकांच्या जिवावर बसू देण्याचा धंदा करणं म्हणजे स्वतःच्या पायावर धोंडा. कॉफीच्या दुकानाचा हिशेब साधा आहे: खुर्ची जितक्या वेळा रिकामी होईल तितका गल्ला. शब्दकोडंवाले आजोबा सकाळभर एका कपावर बसले, तर त्या खुर्चीचं भाडं बाकीच्यांनी भरायचं. पुस्तकं, कार्यक्रम, टी-शर्ट यांची जोड द्यावी लागते ती यासाठी. मालकाकडं प्राध्यापकी आणि टीव्हीवरचं नाव आहे हा या दुकानाचा मोठाच टेकू आहे. ज्याच्याकडं फक्त दुकान आहे, बापजाद्यांचं घर तारण ठेवायला नाही, त्याचं अवघड. कर्ज नाकारण्यासाठी कृष्णवर्णीय वस्त्यांभोवती नकाशावर लाल रेघा मारल्या गेल्या त्या 1930 च्या दशकात. त्या पुसल्या गेल्या तरी ज्या घरांचा भाव तेव्हा वाढला नाही त्या घरांतल्या नातवंडांना आज तारण ठेवायला काही नाही.

तरी अशी माणसं निघतात. लॉस एंजेलिसच्या लाइमर्ट पार्कमध्ये रिचर्ड फुल्टन नावाच्या गृहस्थांनी 1992 मध्ये ‘फिफ्थ स्ट्रीट डिक्स’ नावाचं कॉफीचं दुकान काढलं. ते स्वतः एके काळी रस्त्यावर राहिलेले. शहर दंगलीत पेटलं तेच हे वर्ष. वर जॅझ चालायचं, पार पहाटेपर्यंत, आणि खाली फूटपाथवर बुद्धिबळाचे डाव. घर नसलेल्या माणसाला बसायच्या जागेची किंमत जेवढी कळते तेवढी ती आपल्याला कळणार नाही. फुल्टन 2000 मध्ये गेले.

आणखी एक खुपणारी गोष्ट आहे, ती टाळून पुढं जाता येत नाही. गरीब वस्तीत चकचकीत कॉफीचं दुकान उघडलं, की जुन्या भाडेकरूंच्या पोटात गोळा येतो. आता भाडी चढणार. नोव्हेंबर 2017 मध्येच, म्हणजे ‘अंकल बॉबीज’ सुरू झालं त्याच महिन्यात, डेन्व्हरच्या फाइव्ह पॉइंट्स या जुन्या कृष्णवर्णीय भागात एका कॉफीच्या दुकानानं फूटपाथवर पाटी ठेवली. मजकूर असा, की आम्ही 2014 पासून आनंदानं या वस्तीचा चेहरामोहरा बदलून जुन्यांना बाहेर काढतो आहोत. विनोद म्हणून! लोक निषेधाला दारात जमले, दुकानावर रंग फासला गेला, मालकाला माफी मागावी लागली. पुण्यातल्या खवचट पाट्यांवर पोसलेल्या मलासुद्धा ती पाटी वाचून हसू आलं नाही.

दुकानाचा मालक वस्तीतला असला म्हणून भाडी चढायची थांबत नाहीत. जर्मनटाउनमध्येही नव्या इमारती उठताहेत. पाच डॉलरची लाटे इथंही पाच डॉलरचीच, आणि ती न परवडणारी माणसं याच रस्त्यावर बसची वाट बघत उभी असतात. फरक एवढाच, की ती आत येऊन नुसती बसली तर पोलिसांना फोन जात नाही. हा ‘एवढाच’ किती मोठा, ते एटीन्थ आणि स्प्रूसच्या कोपऱ्यावर कळलंच आहे.

मी आता पुस्तकं तिथूनच घेते. नवरा ऑनलाइनची किंमत दाखवून म्हणतो, “चार डॉलर जास्त दिलेस.” मी म्हणते, “खुर्चीचं भाडं दिलं.” तो कोब्रा, म्हणजे हिशेब सोडणार नाही, आणि मी कोल्हापूरची, म्हणजे ऐकणार नाही.

परवा ग्रुपवर विषय निघाला, दिवाळीआधी एकदा सगळ्याजणी भेटू या, घरी नको, बाहेर कुठंतरी. महामार्गाजवळचं नेहमीचं दुकान कुणीतरी सुचवलं. मी लिहिलं, “या वेळी जर्मनटाउनला भेटू. बसा की निवांत, कुणी उठवत नाही.” बराच वेळ शांतता. मग एकीनं विचारलं, “चहा मिळतो का?” मिळतो, म्हटलं. दुसरीनं विचारलं, “पार्किंग?” रस्त्यावर मिळतं, पण एखादी चक्कर मारावी लागते, आणि रुळांवरून गाडी हळू घ्यायची. ‘सेफ आहे का’ हे या वेळी कुणी विचारलं नाही. मनात आलं असेल. अकरापैकी सहा जणींनी हो म्हटलंय. बाकीच्यांना म्हणे त्या दिवशी मुलांचं कराटे आहे.